पणजीतलं जुनं घर : राजांगणावर पत्रा घालावा का?

मळ्यातली_सून

नमस्कार सगळ्यांना. इथे वर्षभर वाचतेय, लिहितेय पहिल्यांदाच, आणि जरा लांबण लागणार आहे, सांभाळून घ्या.

पणजीत मळा भागात आमचं सासरचं घर आहे. रस्त्यावरून बघितलं तर लांबच लांब पिवळी भिंत, मधे दार आणि दोन्हीकडे खिडक्या एवढंच दिसतं, पण आत शिरलात की आधी वसरी, मग मोठा साला, म्हणजे दिवाणखाना, आणि साल्याचं मागचं दार उघडलं की एकदम उजेडच उजेड, राजांगण, घराच्या पोटातलं उघडं अंगण. मधे तुळस, चारी बाजूंना ओसरी, चौदा लाकडी खांब, आणि त्यांच्यावर उतरत आलेली कौलं. गणेश चवथीला देवघरासमोर माटोळी, म्हणजे फळापानांचं छत, बांधतात आणि सगळी पोरं राजांगणाच्या पायऱ्यांवर बसून आरती म्हणतात, मुंबईची, पुण्याची, लिस्बनहून येणारीसुद्धा. घर दीडशे वर्षांचं आहे असं म्हणतात, कागद कुणी बघितलेला नाही.

तर झालंय असं की गेल्या पावसात राजांगणातलं पाणी ओसरीवर चढलं, दोन वेळा. दुसऱ्या वेळी सासूबाई पहाटे उठल्या आणि घसरल्या, मनगट मोडलं, दीड महिना प्लास्टर. मागच्या बाजूचा एक वासाही कुजून खाली आलाय. चवथीला सगळे जमले तेव्हा थोरल्या भावजींनी कॉन्ट्रॅक्टरला बोलावलं आणि त्याने एका फेरीत सांगून टाकलं की राजांगणावर पॉलिकार्बोनेटचा पत्रा, भिंतींचा जुना गिलावा खरवडून सिमेंट, आणि खिडक्यांना अॅल्युमिनियम स्लायडिंग, म्हणजे पुढची तीस वर्षं बघायला नको.

साल्याच्या तीन खिडक्यांना अजून काचेच्या जागी शिंपले आहेत. तळहाताएवढे चौकोनी तुकडे, लाकडाच्या बारीक पट्ट्यांच्या खाचेत सरकवलेले. दुपारी तीननंतर ऊन त्यांच्यावर येतं तेव्हा साल्यात दुधात पाणी घातल्यासारखा उजेड पडतो, सासूबाई त्याच वेळी तिथे बसून वाती वळतात. सात तुकडे फुटलेत, तिथे पुठ्ठा लावलाय. त्या खिडक्या भंगारात जाणार म्हटल्यावर माझ्या पोटात कालवलं पण मला बोलता आलं नाही. एक तर मी सून, घरात अकरा वारसदार, आणि "छान दिसतं म्हणून ठेवा" याच्यापलीकडे मला कारण सांगता येत नाही. सासूबाईंचा हात मोडलेला असताना छान दिसण्याचं काय घेऊन बसायचं, असं मलाही वाटतंच की.

मला कारणं हवी आहेत. पत्रा घातला तर खरंच बरं होईल का? की बिघडेल? ज्यांनी केलंय त्यांनी सांगा प्लीज.

चिरेबंदी_बार्देस

ताई, आधी सासूबाईंच्या हाताची काळजी घ्या. बाकीचं बोलू.

मी गेली बावीस वर्षं जुन्या घरांची कामं करतोय, जास्त करून बार्देस आणि तिसवाडी तालुक्यांत. हात जोडून सांगतो, राजांगण झाकू नका. ते घराचं नाक आहे. दिवसभर कौलांखाली तापलेली हवा तिथून वर निघून जाते आणि तिच्या मागून पुढच्या खिडक्यांतून गार हवा आत ओढली जाते, म्हणून तर मे महिन्यातही तुमच्या ओसरीवर दुपारी झोप लागत असेल. आपल्याकडे वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, चार महिने हवेत ओलच ओल, भिंती चिऱ्याच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या. चिरा पाणी पितो, जमिनीतूनही ओढतो. ते पाणी परत बाहेर पडायला वाट लागते, आणि ती वाट म्हणजे चुन्याचा गिलावा आणि उघडं राजांगण. तुमच्या कॉन्ट्रॅक्टरने या दोन्ही वाटा एकदम बंद करायचा बेत सांगितलाय.

सिमेंट मारलं की पहिली दोन वर्षं भिंत अगदी गुळगुळीत दिसते. मग खालून फूट-दोन फुटांवर पांढरी बुकटी फुलायला लागते, ते क्षार. पाण्याला बाहेर यायला जागा नाही म्हणून ते भिंतीतच वर वर चढतं आणि जिथे लाकूड भेटेल तिथे मुरतं. म्हणजे तुळईचं टोक, चौकटीचा पाय. बाहेरून रंग शाबूत आणि आत पेन्सिल खुपसली तर अर्धी आत जाते, अशा चौकटी मी किती काढल्यात.

आता तुमच्या पाण्याचं. राजांगणात पाऊस पडणार हे बांधणाऱ्याला माहीत नव्हतं का? फरशी बघा, ती सपाट नसणार, कुठल्या तरी एका कोपऱ्याला उतार असणार. त्या कोपऱ्यात पाणी जायला नाळ असते, बहुतेक चिऱ्यात कोरलेली, ओसरीखालून जाऊन मागच्या परसात निघते. ती तुंबलीय किंवा कुणीतरी बुजवलीय. दीडशे वर्षं न चढलेलं पाणी गेल्या वर्षीच का चढलं, हे आधी शोधा. एक बादली पाणी ओता आणि कुठे जातंय ते बघत बसा, याला एक पैसा लागत नाही.

आणि कुजलेला वासा कुठला? कोपऱ्यातला का? कौलांचे दोन उतार जिथे एकमेकांना मिळतात तिथे पत्र्याचा पन्हळ असतो, तो गंजला की पाणी थेट लाकडावर पडतं. पूर्वी मिरगाच्या आधी दर वर्षी शाकारणी व्हायची, माणूस वर चढून एकेक कौल हलवून बघायचा, फुटलेलं बदलायचा, पाला काढायचा. तुमच्याकडे शेवटची शाकारणी कधी झाली?

फोंड्याची_आते

बाय गो, मी सांगते तुला, आम्ही पत्रा घातला होता.

फोंड्याकडे आमचं घर, तुमच्याएवढं मोठं नाही पण राजांगण होतं. मुलाचं लग्न पावसात ठरलं म्हणून घाईघाईने पारदर्शक पत्रा टाकला. लग्नात सगळ्यांनी वाहवा केली. पहिल्याच उन्हाळ्यात आत भट्टी झाली, दुपारी ओसरीवर बसवेना, पंखा लावला तर तो गरमच हवा फिरवायचा. पुढच्या पावसात खांबांवर पांढरी बुरशी आली, पुसली की आठ दिवसांत परत. तुळस आधी उंच उंच झाली, बारीक, वरच्या वर वाकडी, मग पानं गळून गेली, मी तीन वेळा रोप बदललं आणि तिसरं गेलं तेव्हा देवापुढे बसून रडले. चौथ्या वर्षी आढ्याजवळच्या वाशांना वाळवी लागली. पत्रा काढायला आणि लाकूड बदलायला घालताना लागले त्याच्या तिप्पट पैसे गेले.

पत्रा काढला त्या दिवशी संध्याकाळी पाऊस आला. वळचणीच्या पागोळ्या चारी बाजूंनी पडायला लागल्या आणि माझे यजमान, जे कधी काही बोलत नाहीत, ते पायरीवर बसून राहिले, जेवायला हाक मारली तरी उठले नाहीत.

सासूबाईंसाठी एक कर. ओसरीच्या कडेला, जिथून त्या जातात तेवढ्याच बाजूला, पावसाळ्यापुरते माडाच्या चुडतांचे झाप उभे लाव. आमच्या आजेसासूबाई हेच करायच्या, झड अडते, वारा येतो आणि चतुर्थीच्या आत काढून टाकता येतात. आणि पहाटे उठतात त्या वाटेवर दिवा ठेव रात्रभर.

पाटो_फ्लॅटवाला

सगळ्यांच्या मताला मान देऊन थोडं वेगळं लिहितो, राग मानू नका.

आमचंही घर होतं पणजीतच, मी तिथे वाढलो. राजांगणात पडलेला पाऊस सुंदर असतो हे कबूल, पण ते पुसायचं कुणी? माझी आई पुसायची, पन्नास वर्षं. पावसात कपडे वाळत नाहीत, डासांनी हैराण, घरात दोघांना एकाच वर्षी डेंगू झाला, रात्री बाथरूमला जायचं तर अर्धं अंगण ओलांडून. जुनं घर वाचवा म्हणणारे पाहुणे दोन तास येऊन फोटो काढून जातात, राहणाऱ्या बाईचे गुडघे त्यांना दिसत नाहीत. आम्ही शेवटी घर विकलं आणि आई फ्लॅटमध्ये सुखाने राहिली, अगदी शेवटपर्यंत. मला त्याची खंत नाही असं नाही, पण चूक केली असंही वाटत नाही.

म्हणून ताई, काय करायचं ते सासूबाईंना विचारून करा. अकरा वारसदारांपैकी तिथे झोपणारे किती?

चिरेबंदी_बार्देस

@पाटो_फ्लॅटवाला तुमचं म्हणणं शंभर टक्के पटलं. घर टिकवायचं तर त्यात राहणाऱ्याला सुखाने राहता आलं पाहिजे. बाथरूम खोलीला लागून आत घ्या, ओसरीला धरायला कठडा करा, घसरणार नाही अशी फरशी करा, दारा-खिडक्यांना आतून डासांची जाळी बसवा, स्वयंपाकघर पाहिजे तसं नवं करा. यातलं काहीही केलं तर घराचं नुकसान नाही. नुकसान होतं ते श्वास कोंडला की.

वारसा_वकील_मडगाव

बांधकामातलं मला कळत नाही, पण ताईंनी "एक तर मी सून" असं लिहिलंय त्यावर बोलणं भाग आहे.

तुमचं लग्न गोव्यात नोंदवलेलं असेल आणि लग्नाआधी वेगळा करार केलेला नसेल, तर आपल्याकडे नवरा-बायकोची मालमत्ता सामाईक धरतात, आणि त्यात वारशाने आलेलीही येते. म्हणजे यजमानांचा त्या घरात जो हिस्सा आहे त्याच्या अर्ध्यावर तुमचा हक्क आहे. १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेपासून हे चालत आलंय. वारसा आणि इन्व्हेंटरीसाठी, म्हणजे कोर्टातून होणाऱ्या वाटणीसाठी, आता २०१२ चा गोव्याचा स्वतंत्र कायदा आहे, पण हे तत्त्व तेच राहिलंय. तुम्ही त्या बैठकीत पाहुण्या म्हणून बसत नाही, हे मनात पक्कं ठेवा.

दुसरं, घर अजून वाटलेलं नाही असं दिसतं. गोव्यातली निम्मी जुनी घरं पडली ती पावसाने नाही, न वाटलेल्या वारशाने पडली, असं माझं इतक्या वर्षांचं मत झालंय. सगळ्यांचं घर म्हणजे कौल बदलायला कुणाचंच नाही. आणि कुणी एकानेही वाटणी मागितली की इन्व्हेंटरी सुरू होते, मग एवढी मोठी वास्तू तोडून वाटता येत नाही म्हणून शेवटी बरेचदा लिलाव किंवा विक्री. त्यामुळे आत्ता सगळे बोलताहेत तोवर एक साधा लेखी ठराव करून घ्या : दर वर्षी शाकारणीसाठी प्रत्येकाने किती द्यायचे, देखरेख कुणाची, खात्यावर सह्या कुणाच्या. दक्षिण गोव्यातल्या चांदर गावचं ब्रागांझांचं घर दोन कुटुंबांत वाटलं गेलंय, दोन बाजू दोघांच्या, पण समोरून आजही ते एकच घर दिसतं. करायचं ठरवलं तर होतं.

आणि तुमचा मळा-फोंतेन्यस भाग हा संवर्धन विभाग आहे. रस्त्याकडच्या खिडक्या बदलायच्या तर आधी परवानगी लागते, कॉन्ट्रॅक्टरने ती काढलीय का ते भावजींना विचारा. भांडण म्हणून विचारू नका, नुसतं विचारा.

मांडवीकाठ

वाचून राहवलं नाही म्हणून लिहितोय, मी इतिहासाचा शिक्षक, आता रिटायर.

घराचं वय कौलांवरून थोडंफार कळतं. एखादं जुनं कौल उतरवून पाठीमागचा छाप वाचा. मंगळुरी कौलं आपल्याकडे आली ती बासेल मिशन या ख्रिस्ती मिशनरी संस्थेने १८६५ मध्ये मंगळूरला कारखाना काढला त्यानंतरच. म्हणजे घर त्याहून जुनं निघालं तर आधी त्यावर नळ्यांची कौलं असणार, छप्पर मागाहून बदललेलं. शिंपल्यांच्या खिडक्या या काच महाग होती तेव्हाच्या. पुढे काच स्वस्त झाली तशी लोकांनी त्या काढल्या, म्हणून तीन शिल्लक आहेत हे फार मोठं आहे. नवे शिंपले बाजारात मिळतील असं धरून चालू नका. हे कालव, ज्याचे हे शिंपले, झुआरी नदीत चिखलीच्या बाजूला अजून आहे पण वन्यजीव कायद्याने संरक्षित आहे, काढता येत नाही. भंगारात गेली की गेली.

पणजीत हिंदू कुटुंबांची मोठी घरं किती जुनी असू शकतात ते बघायचं असेल तर जुन्या सचिवालयापाशी म्हामाय कामतांचं घर आहे. १७५९ मध्ये पोर्तुगीज व्हाइसरॉय जुन्या गोव्याहून येऊन आदिलशहाच्या वाड्यात, म्हणजे याच जुन्या सचिवालयात, राहायला लागला, पणजीला राजधानीचा दर्जा १८४३ ला मिळाला, आणि या सगळ्या काळात म्हामाय व्यापार करत होते. त्यांच्या घरात सापडलेली कागदपत्रं आज पर्वरीच्या झेवियर सेंटर या इतिहास संशोधन संस्थेत आहेत, कुठल्या मालाचे, कुठल्या जहाजाचे हिशेब, संशोधक त्याच्यावर वर्षानुवर्षं काम करतात. त्या घराने ते कागद सांभाळले नसते तर आपल्याला काय कळलं असतं? म्हणून विनंती, माळ्यावर, पेटाऱ्यात, देवघरामागे जे मोडी किंवा पोर्तुगीज कागद असतील ते कामाच्या गडबडीत फेकू देऊ नका. "घर किती जुनं" याचं उत्तर बहुतेक तिथेच असेल.

मडगावला बोर्डा भागात सात बुर्जांचं, म्हणजे सात उंच निमुळत्या छपरांचं घर आहे, १७९० च्या सुमाराचं, सिल्व्हांचं. सातांपैकी आता तीनच बुर्ज उभे आहेत. नाव मात्र अजून साताचंच. मी विद्यार्थ्यांना घेऊन जायचो तेव्हा पोरं बाहेर उभी राहून मोजायची आणि विचारायची, सर, बाकीचे चार कुठे. त्या पोरांना काय सांगायचं ते मला कधी सुचलं नाही.

मळ्यातली_सून

तुम्ही सगळ्यांनी एवढं लिहिलंत, मी दोन वेळा वाचलं आणि मग सासूबाईंना मोठ्याने वाचून दाखवलं. पाटोवाल्या दादांचं वाचलं तेव्हा त्या म्हणाल्या, बरोबर बोलला तो, पुसून पुसून माझी कंबर गेली. फोंड्याच्या आतेंचं तुळशीचं वाचलं तेव्हा काहीच बोलल्या नाहीत. मग थोड्या वेळाने म्हणाल्या, पत्रा नको, पण बाथरूम आत पाहिजे.

शेवटची शाकारणी सासरे असताना झाली होती. म्हणजे नऊ वर्षं.

काल रविवारी मी आणि माझ्या मुलाने बादली ओतली. पाणी खरंच एका कोपऱ्याकडे गेलं, विहिरीच्या बाजूच्या, आणि तिथे जाऊन उभं राहिलं. तिथे मोठी कुंडी होती, अबोलीची. ती सरकवली तर खाली चिऱ्यात हाताच्या पंजाएवढं भोक, मातीने भरलेलं. मुलाने कोपरापर्यंत हात घालून माती काढली, आत सगळ्या बाजूंनी गुळगुळीत कोरलेली नाळ आहे, आणि साधारण हातभर आत त्याच्या बोटांना सिमेंट लागलं. मागच्या परसात गेलो तर त्याच रेषेत आमचं जुनं बाथरूम, दहा वर्षांपूर्वी टाइल्स बसवल्या तेच. म्हणजे टाइल्स बसवताना कुणीतरी नाळेचं तोंड बुजवून टाकलं, आणि आम्ही दर पावसात देवाला दोष देत होतो. इतकी वर्षं पाणी थोडं थोडं मातीतून झिरपून जात असणार, गेल्या वर्षी तेही बंद झालं.

वासा कोपऱ्यातलाच आहे, चिरेबंदी दादा, आणि वरचा पन्हळ गंजून चाळण झालाय. मुलाने फोनवर फोटो काढला तेव्हा भोकांतून आभाळ दिसलं.

मी ते सगळे फोटो घरच्या ग्रुपवर टाकले. भावजींचा फोन आला. मला वाटलं ओरडतील. ते म्हणाले, ती नाळ आम्ही लहानपणी कागदाच्या होड्या सोडायचो ती, मी विसरूनच गेलो होतो. परवानगीचं विचारलं तर म्हणाले कॉन्ट्रॅक्टर काही बोलला नाही, बघतो. पुढच्या रविवारी ते येताहेत. पत्र्याचं अजून नक्की "नको" म्हणालेले नाहीत, पण आधी नाळ मोकळी करू आणि एक पावसाळा बघू, इथपर्यंत आलेत. सिमेंटवर मात्र अडून आहेत, चुना करणारे गवंडी आता कुठे मिळतात, हा त्यांचा प्रश्न, आणि मला उत्तर देता आलं नाही.

चिरेबंदी_बार्देस

मिळतात, कमी आहेत पण मिळतात, मी दोघांचे नंबर तुम्हाला खाजगी मेसेजमध्ये पाठवतो. भावजींना एवढं सांगा की सगळी भिंत खरवडायची गरजच नाही. बोटाच्या पेराने ठोकत जा, जिथे पोकळ वाजेल तेवढाच गिलावा काढायचा. कळीचा चुना भिजवून निदान तीन-चार आठवडे पाण्याखाली मुरू द्यावा लागतो, त्यामुळे आत्ताच भिजत घाला आणि पाऊस पूर्ण थांबल्यावर काम धरा. लावल्यावर घाईने वाळू द्यायचा नाही, ओलं गोणपाट टाकून ठेवायचं. कॉन्ट्रॅक्टर लोक टाळतात ते याच्यासाठी, वेळ लागतो. छप्पर मात्र थांबू शकत नाही, पन्हळ आणि तो वासा पुढच्या मिरगाच्या आत झालाच पाहिजे. आणि बाथरूम आत घ्याल तेव्हा त्याचा पाइप त्या नाळेत सोडू नका, नाळ फक्त पावसाच्या पाण्यासाठी.

मांडवीकाठ

नाळेचं वाचून फार आनंद झाला. कौलाचा छाप वाचलात का?

मळ्यातली_सून

वाचला सर, अर्धा झिजलाय, "मँगलोर" एवढंच लागतं. पेटारा अजून उघडला नाही, किल्ली सापडत नाहीये, सासूबाई म्हणतात लिस्बनच्या काकांकडे असेल.

फोंड्याची_आते

बाय, एक राहिलंच. आमच्या शेजारचं जुनं घर पाडलं तेव्हा शिंपल्यांच्या दोन पाट्या मी उचलून आणल्या होत्या, तेव्हापासून गोठ्यात भिंतीला लावून उभ्या आहेत. लाकूड सडलंय पण शिंपले वीस-पंचवीस तरी धड निघतील. तुला सात पाहिजेत ना? खाचेचं माप घेऊन ये, आणि येताना गाडीत चादर घेऊन ये गुंडाळायला, वाटेत धक्का लागला की कडेने टवके उडतात.